बेसबॉलच्या ट्रायलला जायचंय? आधी टेप घेऊन मैदानात ये

दिवाळी झाली की नाशिकच्या गोल्फ क्लब मैदानावर मला कोणी ना कोणी मुलगा गाठतोच. सोबत कधी वडील असतात, कधी मामा. प्रश्न ठरलेला असतो: "सर, हा बाउंड्रीवरून थेट कीपरच्या हातात थ्रो देतो. बेसबॉलच्या टीमवाले घेतील का याला?" मी हो म्हणत नाही आणि नाहीही म्हणत नाही. पिशवीतून तीस मीटरची फायबरची टेप काढतो, एक टोक मुलाच्या हातात देतो आणि म्हणतो, चल, मोजू.

क्रिकेटच्या सिलेक्शनला तू नेटमध्ये दोन ओव्हर टाकतोस आणि समोरच्यांनी नेमकं काय पाहिलं ते तुला कधीच कळत नाही. बेसबॉलमध्ये काय पाहणार ते सगळं आधीच ठाऊक असतं. धावायला किती सेकंद लागले, चेंडू किती वेगाने सुटला, कॅचरने, म्हणजे बेसबॉलच्या विकेटकीपरने, तो किती वेळात सेकंड बेसला, म्हणजे धावणाऱ्याच्या दुसऱ्या थांब्याला, पोचवला. स्काउटच्या, म्हणजे खेळाडू हेरणाऱ्याच्या, एका हातात स्टॉपवॉच, दुसऱ्या हातात वेग मोजणारी रडार गन. फलंदाजी, ताकद, धावणं, फेक आणि क्षेत्ररक्षण या पाच गुणांना तो २० ते ८० या मापात आकडे देतो. ५० म्हणजे मेजर लीगमधला, अमेरिकेतल्या सर्वांत वरच्या बेसबॉल लीगमधला, सरासरी खेळाडू. मग जे तिथे मोजणार आहेत, ते नाशिकमध्येच आधी का मोजू नये? न मोजता गेलेली मुलं मी पाहिली आहेत. हजारो रुपये आणि कॉलेजचे चार दिवस घालवून ती जे उत्तर घेऊन आली, ते त्यांना इथे एका सकाळी मिळालं असतं.

कोणत्या दारावर उभं राहायचं

बेसबॉल खेळून पगार मिळवायचा तर बाहेरच पाहावं लागतं. दारं मोजकी आहेत.

पहिलं अमेरिकेचं. २००८ साली भारतात सर्वांत वेगवान चेंडू फेकणाऱ्याच्या शोधात एक स्पर्धा झाली. त्यातून उत्तर प्रदेशातले रिंकू सिंग आणि दिनेश पटेल निवडले गेले. दोघेही भालाफेकपटू, बेसबॉल हातात न धरलेले. डावखुऱ्या रिंकूचा चेंडू ताशी ८७ मैलांनी गेला, म्हणजे सुमारे १४० किलोमीटर. त्याच वर्षाच्या शेवटी दोघांशी पिट्सबर्ग पायरेट्सने करार केला. पुढचंही सांगायला हवं. दिनेश दोन वर्षांत परतला. रिंकूने खालच्या लीगमध्ये काही हंगाम काढले आणि दुखापतींनी त्याचा हात थांबवला. मुलांना मी ही गोष्ट पूर्ण सांगतो, कारण अर्धी ऐकली की ते फक्त वेगाच्या मागे लागतात.

अमेरिकेबाहेरच्या मुलाला ड्राफ्टची, म्हणजे क्लब पाळीपाळीने नवे खेळाडू निवडतात त्याची, वाट पाहावी लागत नाही. वय साधारण १६ पूर्ण झालं, मेजर लीगकडे नोंदणी झाली, की एखादा क्लब त्याच्याशी थेट करार करू शकतो. हा काळ दरवर्षी १५ जानेवारीला सुरू होतो आणि १५ डिसेंबरला संपतो. मेजर लीगने २०१९ मध्ये दिल्लीत कार्यालय उघडलं आहे आणि शाळांमधून खेळ रुजवायचं काम ते करतात. त्यांच्या शिबिरांवर नजर ठेव.

दुसरं दार दुबईचं. बेसबॉल युनायटेड ही लीग नोव्हेंबर २०२३ मधल्या प्रदर्शनीय सामन्यांनी सुरू झाली आणि तिच्यात मुंबई कोब्राज नावाचा संघ आहे. आपल्या उपखंडातल्या खेळाडूंकडे मुद्दाम पाहणारी ही लीग आहे, म्हणून नाशिकच्या मुलाने तिच्या घोषणा वाचत राहाव्यात.

मुलींनीही हा लेख बाजूला ठेवू नये. ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेत महिलांच्या व्यावसायिक लीगच्या चाचण्या वॉशिंग्टनमध्ये झाल्या. महाराष्ट्रात मुली सॉफ्टबॉल पिढ्यान्‌पिढ्या खेळतात. ग्लोव्ह घालून ग्राउंडर, म्हणजे जमिनीलगत येणारा चेंडू, उचलायची सवय त्यांना मुलांपेक्षा जास्त असते.

या दारांपर्यंत पोचायची वाट मात्र इथूनच जाते. शालेय स्पर्धा, जिल्हा, राज्य, आणि कॉलेजात असशील तर पुणे विद्यापीठाचा आंतरविद्यापीठ संघ. अर्जात "कुठे खेळलास" हा रकाना असतो. तो कोरा असलेला मुलगा आणि राज्य खेळलेला मुलगा, फेक सारखी असली तरी सारखे धरले जात नाहीत. जिल्हा क्रीडा कार्यालयात जाऊन या वर्षीच्या बेसबॉल स्पर्धांच्या तारखा विचार. फोनवर विचारू नकोस, जाऊन विचार.

पहिली सकाळ: टेप, फक्की आणि स्टॉपवॉच

एक मित्र, एक टेप, थोडी फक्की, स्लो मोशन असलेला मोबाइल आणि वही. एवढंच लागतं. मैदान कुठलंही चालेल. गोल्फ क्लबवर सहानंतर क्रिकेटवाले जागा धरतात, म्हणून साडेपाचला पोच. हिरावाडीच्या मीनाताई ठाकरे संकुलाकडे राहत असशील तर तिथे बघ.

धावण्यापासून सुरुवात कर. ट्रायलमध्ये ६० यार्ड धावायला लावतात, म्हणजे ५४ मीटर ८६ सेंटिमीटर. दोन्ही टोकांना फक्कीची रेघ मार. वेळ मित्राने शेवटच्या रेघेवर उभं राहून घ्यायची, तुझं पाऊल हललं की सुरू. सात सेकंदांच्या आत आलास तर पुढे बोलू. व्यावसायिक स्काउट ६.७ ते ६.९ च्या आसपास सरासरी धरतात. दोनदाच धाव, मधे पाच मिनिटं थांब, चांगली वेळ लिही. माझ्याकडची बहुतेक मुलं पहिल्यांदा ७.४ - ७.५ मध्ये येतात. निराश व्हायचं कारण नाही. त्यातला बराच वेळ पहिल्या दहा मीटरमध्ये गळतो आणि तो भरून काढता येतो. क्रिकेटमध्ये आपण बॅट घेऊन, ग्लोव्ह घालून, मान वळवत धावतो. सरळ, पुढे झुकून सुटायची सवयच नसते. पांडवलेणीच्या पायऱ्या आठवड्यातून दोनदा, आणि दहा मीटरपर्यंत जोरात सुटायचा सराव दहा वेळा. तीन महिन्यांत फरक दिसतो.

कॅचर व्हायचं असेल तर होम प्लेटपासून, म्हणजे फलंदाजाजवळच्या पाटीपासून, सेकंड बेसपर्यंतचं अंतर आख. ३८ मीटर ७९ सेंटिमीटर. चेंडू तुझ्या ग्लोव्हमध्ये आदळल्यापासून सेकंड बेसवरच्या मित्राच्या ग्लोव्हमध्ये पोचेपर्यंतचा वेळ घे. व्यावसायिक कॅचर हे दोन सेकंदांच्या आसपास करतो. यात फेकीपेक्षा पाय जास्त कामाला येतात. क्रिकेटचे विकेटकीपर इथे लवकर तयार होतात, हे मी अनेकदा पाहिलं आहे.

आता वेग. रडार गन नाशिकमध्ये सहज हाती लागत नाही, पण मोबाइल पुरतो. पिचरच्या, म्हणजे चेंडू टाकणाऱ्याच्या, पाट्यापासून होम प्लेट १८ मीटर ४४ सेंटिमीटरवर असते. तेवढ्या अंतरावर जाळी लाव, जाळी नसेल तर जुनी गादी उभी कर. मित्राने बाजूला लांब उभं राहून, तू आणि जाळी दोन्ही दिसतील असा, सेकंदाला २४० चित्रांचा स्लो मोशन व्हिडिओ घ्यायचा. पुढे पाय टाकून चेंडू सुटतो तेव्हा हात पाट्याच्या साधारण दीड-पावणेदोन मीटर पुढे असतो, म्हणून चेंडूचा खरा प्रवास १६.८ मीटर धर. चेंडू बोटांतून सुटल्यापासून जाळीला लागेपर्यंतची चित्रं एकेक करून मोज. १२० चित्रं भरली, तर अर्धा सेकंद लागला. १६.८ भागिले ०.५ म्हणजे सेकंदाला ३३.६ मीटर, ताशी १२१ किलोमीटर. हा सरासरी वेग झाला. हवेत चेंडू मंदावतो, त्यामुळे हातातून सुटतानाचा वेग चार-पाच टक्के जास्त, म्हणजे १२६-१२७ च्या आसपास. हे माप गनइतकं काटेकोर नसतं. पण दर महिन्याला त्याच जागी, त्याच मोबाइलने मोजलंस तर वाढतोय की अडकलाय हे स्वच्छ दिसतं.

आज मेजर लीगमधला सरासरी फास्टबॉल ताशी ९४ मैलांच्या घरात असतो, म्हणजे १५१ किलोमीटर. तुझे १२७ असतील आणि वय सतरा असेल तर वाट आहे. तेवीस असेल तर माझा सल्ला वेगळा: पिचिंगचा नाद सोड आणि कॅचर किंवा आउटफिल्डर, म्हणजे सीमेकडचा फिल्डर, म्हणून तयारी कर. हे ऐकून काही मुलं नाराज होतात. पण खोटी आशा दाखवून त्यांची दोन वर्षं मी घेणार नाही.

फेक: क्रिकेटचा हात बेसबॉलचा करायचा

वेगवान गोलंदाज चांगला पिचर होईल असं सगळ्यांना वाटतं. तसं क्वचितच होतं. गोलंदाजीत हात सरळ ठेवून वरून फिरवायचा असतो, पिचिंगमध्ये कोपर वाकून मागून पुढे यायला हवं. ती सवय गोलंदाजाच्या अंगात नसते, ती असते सीमारेषेवरच्या फिल्डरमध्ये. भालाफेकपटूंमध्ये तर ती मुळातच असते. रिंकू आणि दिनेश भालाफेकपटू होते हा योगायोग नव्हता. आपल्या जिल्ह्यात गोफण फिरवलेली, झाडावरचे आंबे दगडाने पाडलेली मुलं आहेत. सुरगाणा-पेठकडून आलेली दोन मुलं माझ्याकडे होती. पहिल्याच दिवशी त्यांचा खांदा जसा मोकळा फिरला, तसा शहरातल्या मुलांचा सहा महिन्यांनीही फिरत नाही.

चेंडू हातात घे आणि नीट बघ. बेसबॉल १४२ ते १४९ ग्रॅमचा असतो, सीझनच्या चेंडूपेक्षा दहाएक ग्रॅम हलका आणि घेराने किंचित मोठा. सीझनच्या चेंडूची शिवण मधोमध सरळ पट्ट्यासारखी जाते. बेसबॉलची शिवण चेंडूभर वळत जाते आणि एका ठिकाणी घोड्याच्या नालासारखा आकार करते. त्या नालाच्या कमानीवर तर्जनी आणि मधलं बोट आडवं ठेव, बोटांची टोकं शिवणीवर. दोन्ही बोटांत एका बोटाची जागा. अंगठा बरोबर खाली. तळवा आणि चेंडू यांच्यात थोडी फट राहायला हवी. चेंडू तळव्यात दाबून धरलास की वेग तिथेच मरतो.

आता एक साधी गोष्ट कर. काळ्या मार्करने चेंडूभोवती एक कडं काढ, तुझ्या दोन बोटांच्या मधून सरळ पुढे जाणारं. मित्राकडे पंधरा मीटरवरून फेक आणि त्याला विचार, रेघ कशी दिसली? रेघ स्थिर, एकसंध दिसली तर बोटं चेंडूच्या बरोबर मागे होती. थरथरली, तिरकी झाली, तर बोटं बाजूला घसरली. क्रिकेटमधून आलेल्या जवळजवळ प्रत्येक मुलाची रेघ पहिल्या दिवशी थरथरते. धावता धावता वाकून, आडव्या हाताने थ्रो करायची आपली सवय असते ना, तिचा हा परिणाम. एका मुलाला ही रेघ स्थिर करायला पाच आठवडे लागले. त्या पाच आठवड्यांत मी त्याला जोर लावूच दिला नाही. नंतर त्याचा वेग मोजला तर जोर न वाढवता सात किलोमीटरने वाढलेला.

शरीराचा क्रम असा. उजव्या हाताने फेकत असशील तर डावा खांदा लक्ष्याकडे, कोपर खांद्याच्या उंचीला. डावा पाय पुढे पडतो, आधी कंबर वळते, मग छाती, सगळ्यात शेवटी हात. हात आधी निघाला की सगळा भार कोपरावर येतो. हा क्रम आरशासमोर रिकाम्या हाताने शंभर वेळा कर. आई विचारेल काय चाललंय, तिलाच बघायला सांग की कंबर आधी वळतेय का. तिच्या नजरेला ते बरोबर कळतं.

फेकायचं अंतर हळूहळू वाढव. आधी पंधरा मीटर, मग सत्तावीस, मग चाळीस, आणि दोन महिन्यांनी पंचावन्न. प्रत्येक अंतरावर दहा-बारा फेकी. जोरात फेकायचे दिवस आठवड्यात तीनच, सलग कधीच नाही. बाकीच्या दिवशी रबरी बँड खिडकीच्या गजाला बांधून खांद्याचे व्यायाम. फेकण्याआधी पंधरा मिनिटं अंग गरम करायचंच. नाशिकची डिसेंबरची सकाळ विसरू नकोस. निफाडकडे पारा घसरतो तेव्हा शहरातही बोटं बधिर होतात. अशा सकाळी स्वेटर घालून आधी मैदानाला चार चकरा मार, घाम आल्याशिवाय चेंडूला हात लावू नकोस.

हे मी कळकळीने सांगतो, कारण माझा हात असाच गेला. मी एकोणीस वर्षांचा होतो. रात्रभर एसटीने प्रवास करून एका निवड चाचणीला पोचलो. थंडी होती, नाव पुकारायला दोन तास लागले, आणि नाव आल्यावर "लवकर, लवकर" म्हणून थेट उभं केलं. मी पहिलीच फेक पूर्ण जोराने केली. खांद्यात काहीतरी सुटल्यासारखं झालं. तरी मी आणखी आठ फेकी केल्या, कारण थांबलो असतो तर नाव गेलं असतं. पुढचे सात महिने मला डोक्यावर केस विंचरायला हात नेता येत नव्हता. म्हणून माझ्याकडच्या मुलाला मी सांगतो: नाव पुकारलं तरी पाच मिनिटं माग. शांतपणे म्हण, "हात गरम करून येतो." जाणता स्काउट याला कधी नाही म्हणत नाही.

पिचिंग करत असशील तर टाकलेले चेंडू मोज. मेजर लीग आणि यूएसए बेसबॉल या तिथल्या संघटनेने तरुण पिचरसाठी मर्यादा आखून दिल्या आहेत. १७-१८ वर्षांच्या मुलाने एका दिवसात १०५ च्या वर पिच (पिचरने टाकलेला एक चेंडू म्हणजे एक पिच) टाकायच्या नाहीत. ३० पर्यंत टाकल्या तर विश्रांती लागत नाही, ४५ पर्यंत एक दिवस, ६० पर्यंत दोन, ८० पर्यंत तीन आणि त्यापुढे चार दिवस विश्रांती. १५-१६ वयाला कमाल ९५, आणि ७५ च्या वर गेलास की चार दिवस. वर्षातून किमान चार महिने पिचिंग बंद, त्यातले दोन-तीन महिने सलग. आपल्याकडे सहज चुकतं ते असं: मुलगा सकाळी बेसबॉलच्या पन्नास पिच टाकतो आणि संध्याकाळी गल्लीत टेनिस बॉलच्या मॅचमध्ये चार ओव्हर टाकतो. खांद्याला दोन खेळ वेगळे कळत नाहीत, तेही वहीत मोज. कोपराच्या आतल्या बाजूला दुखलं की थांब आणि हाडांच्या डॉक्टरांना दाखव. तिथला अस्थिबंध तुटला तर शस्त्रक्रिया आणि पुढे वर्ष-दीड वर्ष जातं.

बॅट आणि ग्लोव्ह

ट्रायलमध्ये आठ-दहा चेंडू मारायला मिळतात, बस. चेंडू टप्पा पडून येत नाही, थेट हवेतून येतो. ताशी ९० मैलांचा चेंडू प्लेटपर्यंत पोचायला फक्त ०.४ सेकंद लागतात. क्रिकेटर खालच्या हाताने चेंडू ओढतो, त्यामुळे तो वर उडतो किंवा बॅटच्या कडेला लागतो. दोन्ही हातांनी, कंबरेच्या वळणातून, चेंडूच्या रेषेत बॅट आणायला शीक. दिंडोरी-पिंपळगावकडे बागेत पीव्हीसी पाइपचे तुकडे पडलेलेच असतात. मांडीच्या उंचीचा एक तुकडा उभा कर, वर सायकलच्या ट्यूबचा तुकडा बसव, त्यावर चेंडू ठेव. रोज शंभर चेंडू गादीत मार. ट्रायलच्या दिवशी उंच षटकार मारायच्या मागे लागू नकोस. सपाट, जोरात जाणारे फटके स्काउटला हवे असतात. आणि सराव लाकडी बॅटनेच कर, कारण मेजर लीग क्लबच्या साखळीत पुढे तीच हाती येणार आहे.

ग्लोव्ह स्वतःचा हवा, उसना नको. इनफिल्डरला, म्हणजे बेसजवळच्या फिल्डरला, साडेअकरा इंचांच्या आसपासचा, आउटफिल्डरला बारा ते पावणेतेरा. उजव्या हाताने फेकणाऱ्याचा ग्लोव्ह डाव्या हातात येतो. विकत घेताना इथे हमखास चूक होते, दुकानात दोनदा तपास. नवा ग्लोव्ह दगडासारखा कडक असतो. ट्रायलच्या तीन महिने आधी घे आणि रोज त्याने चेंडू झेल. सोबत स्पाइक्स, गार्ड, बेल्टची पँट, टोपी. जर्सी साधी चालेल.

नाशिकच्या वर्षात हे बसवायचं कसं

पावसात मैदान चिखलाचं असतं, ते एका अर्थी बरंच. जून ते सप्टेंबर हात विश्रांतीवर ठेव आणि पाय-पाठीची ताकद वाढव: बैठका, डेडलिफ्ट, पुलअप्स. ऑक्टोबरला फेक सुरू, जानेवारीला पूर्ण जोर. बारावीत असशील तर फेब्रुवारी-मार्च बोर्डाला दे. त्या काळात आठवड्यातून दोनदा हलकी फेक पुरे. हात सहा आठवड्यांत परत येतो, वर्ष परत येत नाही.

जेवण घरचंच. नागलीची भाकरी, मटकी, अंडी, दूध, शेंगदाणे. ताटातली डाळ आणि अंडी दुप्पट कर, भात-बटाटा कमी कर. जिममधल्या कोणी दिलेली डब्यातली पावडर घेऊ नकोस. व्यावसायिक बेसबॉलमध्ये उत्तेजक चाचणी असते आणि "मला माहीत नव्हतं" हे उत्तर तिथे चालत नाही.

कागद

नाशिकच्या मुलांची सर्वांत जास्त गाडी इथे अडते. अमेरिकेचे क्लब करारापूर्वी वय आणि ओळख कसून तपासतात. महानगरपालिकेचा किंवा ग्रामपंचायतीचा जन्माचा दाखला, शाळा सोडल्याचा दाखला, आधार आणि पासपोर्ट, या चौघांवर जन्मतारीख एकच हवी. शाळेत घालताना गुरुजींनी एक जून लिहिली आणि दाखल्यावर दुसरीच तारीख, असं आपल्याकडे घरोघरी सापडतं. नावाचंही तसंच. एकीकडे आडनाव आधी, दुसरीकडे वडिलांचं नाव गायब. आजच सगळे कागद टेबलावर मांडून ताडून बघ. दुरुस्तीला महिने लागतात. दाखल्यावरून आधी शाळेची नोंद, मग आधार आणि शेवटी पासपोर्ट, या क्रमाने गेलास तर सोपं जातं. राज्य स्पर्धेची प्रमाणपत्रं स्कॅन करून ठेव.

पैसे मागणाऱ्यांबद्दल

काही वर्षांपूर्वी माझ्याकडच्या एका मुलाच्या वडिलांनी द्राक्षाच्या पहिल्या तोडणीचे पैसे एका आयोजकाला "परदेशी संघाच्या ट्रायल"साठी दिले. मैदानावर एकही स्काउट नव्हता. ना गन, ना स्टॉपवॉच. मुलांना टी-शर्ट दिले, फोटो काढले आणि "कळवतो" म्हणाले. त्या बापाचा चेहरा मला अजून दिसतो.

म्हणून पैसे देण्याआधी तीन गोष्टी विचार. कोणत्या क्लबचा किंवा लीगचा माणूस येणार आहे आणि त्याचं नाव त्या क्लबच्या संकेतस्थळावर आहे का? काय मोजणार? मोजलेले आकडे खेळाडूला देणार का? मेजर लीगचा क्लब स्वतःच्या चाचणीसाठी खेळाडूकडून पैसे घेत नाही. अमेरिकेतल्या छोट्या स्वतंत्र लीगच्या खुल्या चाचण्यांना मात्र फी असते आणि ती उघडपणे जाहीर केलेली असते. कोणी रोख पैसे मागतोय, पावती देत नाही, व्हिसाची हमी देतोय, असं दिसलं की उठून निघ. व्हिसाची हमी कोणीच देऊ शकत नाही.

घरच्यांना पैशाचं खरं चित्रही दाखव. २०२३ च्या करारानुसार अमेरिकेत क्लबच्या साखळीत सर्वांत खालच्या पायरीवरच्या खेळाडूला वर्षाला किमान १९,८०० डॉलर मिळू लागले, आणि मेजर लीगच्या एक पायरी खाली, ट्रिपल-ए मध्ये, ३५,८००. बरेच खेळाडू वर्षानुवर्षं याच पायऱ्यांवर राहतात. हे ऐकूनही वडील हो म्हणाले तर तो होकार टिकतो.

ट्रायलचा दिवस

मुंबईला ट्रायल असेल तर आदल्या दिवशीच जा. सकाळची पंचवटी एक्सप्रेस पकडलीस तर मुंबईत उतरायलाच साडेदहा-पावणेअकरा होतात, तोवर साठ यार्ड धावून झालेले असतात. रात्री नातेवाइकांकडे लवकर झोप. सकाळी पोहे, केळं, अंडी. तर्रीची मिसळ परतल्यावर खा.

तासभर आधी पोच. क्रम बहुधा असा असतो: नोंदणी आणि पाठीवर नंबर, मग साठ यार्ड, मग आउटफिल्डमधून बेसवर थ्रो, इनफिल्डरला ग्राउंडर, कॅचरचे सेकंड बेसचे थ्रो, पिचरना माउंडवर (चेंडू टाकायच्या उंचवट्यावर) पंधरा-वीस चेंडू, शेवटी बॅटिंग. माउंड दहा इंच उंच असतो. सपाट जमिनीवर सराव केलेल्याचा पाय तिथे पुढे घसरतो आणि चेंडू खाली जातो. मुरूम टाकून, पाणी मारून, ठोकून आधीच एक उतार बनवून घे आणि दोन महिने त्यावरूनच टाक.

पिचर असशील तर पहिले पाच चेंडू सरळ फास्टबॉल, प्लेटच्या मध्यावर. प्लेट १७ इंच रुंद असते, मधोमध टाकायला ती पुरेशी आहे. कर्व्ह, म्हणजे वळणारा चेंडू, दाखवायची घाई नको. ग्राउंडर सुटला तर मान खाली घालू नकोस, पुढच्या चेंडूला गुडघे वाकवून तयार हो. स्काउट चूक लिहितो आणि चुकीनंतरचे तुझे पायही लिहितो. बसून असताना दुसऱ्याचा चेंडू उचलून दे, कॅचरला पाणी दे. हे कोणाला दाखवायला नको, संघात राहायचं तर असंच राहावं लागतं.

स्काउटशी बोलताना सरळ बोल. इंग्रजी अडखळली तरी चालेल. वय विचारलं तर खरं सांग, दुखापत विचारली तर खरी सांग. निघताना एकच प्रश्न विचार: "माझ्या कोणत्या आकड्यात सगळ्यात जास्त कमतरता आहे?" उत्तर मिळालं की तिथेच वहीत लिही. गनवरचा वेग सांगितला तर तोही लिही आणि घरच्या मोबाइलच्या मापाशी ताडून बघ. किती फरक पडतो ते एकदा कळलं की पुढच्या वर्षी तुझं घरचं माप जास्त भरवशाचं होतं.

परतल्यावर तीन दिवस चेंडूला हात लावू नकोस. बँडचे हलके व्यायाम आणि चालणं पुरे. चौथ्या दिवशी साडेपाचला मैदानावर ये, वहीचं नवं पान उघड, टेपचं एक टोक मित्राला दे आणि पंधरा मीटरवरून पुन्हा सुरू कर.